बेल्जियमचं चॉकलेट आणि आमचं भिरंडेल

ब्रसेल्सहून मी राहते त्या गेंट शहराकडे येताना ई-४० महामार्गावर, आल्स्टच्या आसपास, स्टीलचे लांबलचक टँकर दिसतात. लांबून पाहिलं तर दुधाचे वाटावेत. आत असतं वितळलेलं चॉकलेट. ते वाटेत थिजू नये म्हणून ४० अंशांच्या वर ऊबदार ठेवावं लागतं. जवळच्या वीझे नावाच्या गावातून हे टँकर निघतात आणि बिस्किटं, केक, आइस्क्रीम बनवणाऱ्या कारखान्यांच्या टाक्यांमध्ये रिकामे होतात. वाटेत कुठेही ते गोठवायचं नाही, लाद्या पाडायच्या नाहीत, पुन्हा वितळवायचं नाही. एवढ्या एका युक्तीने किती इंधन आणि किती मजुरी वाचत असेल!

बेल्जियमचं चॉकलेट म्हटलं की आपल्या लोकांना विमानतळावरच्या सोनेरी फितीच्या पेट्या आठवतात. गावी जाताना मीसुद्धा त्या नेते, आणि त्या नेल्याशिवाय कुणी घरात घेणार नाही! पण इथे राहायला लागल्यापासून मला त्या पेटीपेक्षा टँकरचं कुतूहल जास्त वाटतं. या देशाने जगाला काय विकलं, ते त्या टँकरमध्ये आहे.

आकाराने बेल्जियम आपल्या कोकण विभागाएवढा. पालघरपासून सिंधुदुर्गापर्यंत जेवढी जमीन, जवळजवळ तेवढाच हा देश. लोकसंख्या सव्वा कोटीच्या थोडी आत. कोकोचं एक झाड इथल्या मातीत वाढत नाही, वाढणारही नाही. ते झाड विषुववृत्ताच्या वीस अंश वर-खाली, दमट सावलीत जगतं. तरीही चॉकलेटच्या निर्यातीत जर्मनीच्या खालोखाल बेल्जियमचं नाव येतं. मी सिंधुदुर्गातली. आमच्याकडे आंबा, काजू, रातांबे, फणस सगळं परसात, आणि रातांब्याच्या बियांचं तेल, भिरंडेल, तेही घरचंच. त्यामुळे हा हिशेब मला कधी स्वस्थ बसू देत नाही.

वीझेच्या कारखान्याची सुरुवात चॉकलेटने झाली नाही. १८५० मध्ये काल्बो कुटुंबाने तिथे बिअर गाळायला सुरुवात केली, दुधाचाही धंदा केला. चॉकलेट आलं १९११ मध्ये. खरं वळण १९२५ च्या सुमारास आलं. दुकानात विकायच्या वड्यांपेक्षा दुसऱ्या मिठाईवाल्यांना लागणारं चॉकलेट बनवावं, असं त्यांनी ठरवलं. याला कूव्हर्चर म्हणतात. त्यात कोको बटर जास्त असतं, त्यामुळे ते पातळ वाहतं आणि साच्यात नीट बसतं. १९९६ मध्ये ही कंपनी फ्रान्सच्या काकाओ बारीशी एकत्र आली आणि बारी काल्बो तयार झाली. आज तिचं मुख्यालय झुरिकमध्ये आहे, पण वीझेचा कारखाना जगातला सर्वांत मोठा चॉकलेट कारखाना मानला जातो. जून २०२२ मध्ये तिथे साल्मोनेला जंतू सापडले. कंपनीने सगळं उत्पादन थांबवलं. त्या आठवड्यांत ज्यांच्या नावाचा वीझेशी काही संबंध असेल असं कुणाला वाटलं नसतं, अशा कितीतरी मिठाईवाल्यांचं काम अडलं.

म्हणजे इथला गल्लीतला चॉकलेटवाला बहुतेक वेळा चॉकलेट बनवतच नाही. तो आणतो वीझेहून, किंवा दुसऱ्या एखाद्या कूव्हर्चरवाल्याकडून. दहा-दहा किलोंच्या पोत्यांमधून बटणांच्या आकाराचे तुकडे येतात. हे पहिल्यांदा कळलं तेव्हा मला जरा फसवल्यासारखं वाटलं. मग आमच्या भागातल्या एका कारागिराच्या मागच्या खोलीत उभं राहून त्याचं काम पाहिलं, आणि तो विचार तिथेच सोडून दिला.

त्याने काळं चॉकलेट ४५ अंशांपर्यंत तापवलं. त्यातलं दोन-तृतीयांश संगमरवरी ओट्यावर ओतलं आणि रुंद पात्याने पसरत, गोळा करत, पुन्हा पसरत राहिला. ओट्यावरचं चॉकलेट हळूहळू जड होत गेलं. २७ अंशांच्या जवळ आल्यावर ते खरवडून परत भांड्यातल्या गरम चॉकलेटमध्ये मिसळलं आणि ३१-३२ वर आणून ठेवलं. हे टेम्परिंग. कोको बटर सहा वेगवेगळ्या प्रकारे गोठू शकतं आणि त्यातला एकच प्रकार हवा असतो. तो साधला तर वडी चकाकते, कट्‌कन तुटते, हाताला चिकटत नाही आणि जिभेवर ठेवल्याबरोबर विरघळते. चुकला तर आठवड्याभरात तिच्यावर राखाडी साय चढते. त्याने थर्मामीटर ठेवला होता, पण पाहिला क्वचित. पात्याचं टोक खालच्या ओठाला लावून तो गार-गरम ठरवत होता. मग साच्यात ओतलं, साचा ओट्यावर आपटून हवेचे बुडबुडे काढले, आणि भरलेला साचा चक्क उलटा केला. जास्तीचं चॉकलेट धारेने खाली आलं. साच्याच्या भिंतींना चिकटून राहिलं तेवढंच कवच. त्यात वाटलेल्या हेझलनटचं सारण, वरून पुन्हा चॉकलेटचं झाकण.

या पोकळ कवचाचा शोध ब्रसेल्समधला. स्वित्झर्लंडहून आलेल्या जाँ नॉयहाउस यांनी १८५७ मध्ये तिथल्या गॅलरी द ला रेनमध्ये औषधाचं दुकान काढलं. कडू औषध लोकांनी घ्यावं म्हणून ते त्यावर चॉकलेट चढवत, असं सांगतात. त्यांच्या नातवाने, त्याचंही नाव जाँच, १९१२ मध्ये औषधाच्या जागी सारण भरलं आणि त्याला प्रालीन म्हटलं. नाजूक कवचाच्या या वड्या कागदी पुड्यात चेंगरत. १९१५ मध्ये नातसून लुईज अगोस्टिनी यांनी तळाशी अरुंद आणि वर रुंद अशी पुठ्ठ्याची पेटी बसवली. जड वड्या खाली, हलक्या वर. तिला बालोतँ म्हणतात. शंभराहून अधिक वर्षं झाली, पेटी तीच आहे. मला या कुटुंबात सर्वांत जास्त आदर लुईजबाईंचा वाटतो. वडी कितीही सुरेख असो, ती घरापर्यंत अखंड पोचली नाही तर तिचा व्यापार होत नाही, हे त्यांना कळलं.

आणि सगळं काही प्रवास करू शकत नाही. गेंटच्या भाजीबाजाराच्या चौकात हातगाडीवर क्युबरडॉन मिळतं. जांभळं, शंकूच्या आकाराचं, वरून कडक आणि आत रास्पबेरीचा पाक. आकारावरून गेंटकर त्याला सरळ ‘नाक’ म्हणतात. ते काही आठवडेच टिकतं. मग आतला पाक साखर होऊन बसतो आणि सगळी मजा जाते. त्यामुळे ते देशाबाहेर फारसं गेलंच नाही. ताज्या सायीच्या प्रालीनचंही तसंच. जहाजात आणि गोदामात महिनोन्‌महिने टिकेल असं सारण निर्यातीला सोयीचं, म्हणून परदेशी दुकानांत मिळणारी पेटी आणि इथल्या गल्लीतली पेटी यांत फरक पडतोच. माझं स्पष्ट मत आहे की इथे येणाऱ्याने पैसे विमानतळावर खर्च करू नयेत. गल्लीतल्या दुकानातून ताज्या सायीच्या वड्या घ्याव्यात आणि दोन-तीन दिवसांत संपवाव्यात.

बऱ्याच मोठ्या ब्रँडांची मालकी आता बेल्जियमकडे उरलेली नाही, हे चटकन सांगून पुढे जाते. १९२६ मध्ये द्राप्स कुटुंबाने ब्रसेल्समध्ये सुरू केलेली गोडायव्हा आधी अमेरिकेच्या कॅम्पबेल सूपकडे आणि २००७ मध्ये तुर्कस्तानच्या यिल्दिझकडे गेली. शिंपल्यांच्या आकाराची गिलियन २००८ मध्ये कोरियाच्या लोट्टेने घेतली. हत्तीच्या चित्राची कोत दॉर आता अमेरिकेच्या मोंडेलीझची आहे. लिओनिडास हा ब्रँड ज्यांच्या नावाने ओळखला जातो ते केस्टेकिडीस तर मुळात ग्रीक, अमेरिकेहून इथल्या जागतिक प्रदर्शनांसाठी आलेले. १९१३ मध्ये गेंटच्या प्रदर्शनात त्यांनी पदक मिळवलं आणि इथलेच झाले. मालक कुठलाही असो, कारागीर, कूव्हर्चर आणि ग्राहकाचा विश्वास इथेच राहिला. २००७ मध्ये इथल्या उत्पादकांच्या संघटनेने आपल्यासाठी नियम लिहून काढला: मिसळणं, बारीक दळणं आणि तासन्‌तास घोटणं ही तिन्ही कामं बेल्जियममध्ये झाली असतील तरच ‘बेल्जियन चॉकलेट’ म्हणायचं. त्या नियमात बिया कुठल्या, याचा उल्लेख नाही. तो असणं शक्यच नव्हतं.

विश्वासाचाच प्रश्न होता म्हणून बेल्जियम जवळजवळ तीस वर्षं भांडला. ब्रिटन, आयर्लंड आणि डेन्मार्क १९७३ मध्ये युरोपीय समुदायात आले. ब्रिटिश चॉकलेटमध्ये कोको बटरबरोबर दुसरी वनस्पती-चरबी मिसळण्याची जुनी रीत होती. बेल्जियम, फ्रान्स वगैरे देशांचं म्हणणं, अशी चरबी घातली की ते चॉकलेट राहत नाही. वर्षानुवर्षं बैठका झाल्या. शेवटी २००० मध्ये युरोपीय संघाचा निर्देश, म्हणजे सगळ्या सदस्य देशांसाठीचा नियम, निघाला: कोको बटरखेरीज दुसरी वनस्पती-चरबी ५ टक्क्यांपर्यंत चालेल, पण वेष्टनावर तसं स्पष्ट लिहायचं. बेल्जियमचा विरोध शेवटपर्यंत होता. त्याने त्याच वर्षी शुद्ध कोको बटरच्या चॉकलेटसाठी स्वतःचं एक गुणवत्ताचिन्हही काढलं.

त्या निर्देशाला एक परिशिष्ट आहे. कोणत्या चरबी चालतील त्यांची यादी. सहाच नावं: बोर्निओचं इलिपे, पाम, साल वृक्ष, आफ्रिकेचं शिया, आंब्याची कोय, आणि कोकम. वनस्पतीचं शास्त्रीय नाव गार्सिनिया इंडिका. म्हणजे आपला रातांबा.

हे वाचून मी किती वेळ त्या एका ओळीकडे बघत राहिले. युरोपातल्या सर्वांत चिवट खाद्यभांडणाचा निवाडा लिहिताना ज्या सहा नावांवर बोट ठेवलं गेलं, त्यात आमच्या परसातलं झाड होतं!

आमच्या घरी रातांब्याची सालं आगळात बुडवून उन्हात टाकली की बिया एका बाजूला राहत. त्या धुऊन कडकडीत वाळवायच्या, फोडून आतला गर कुटायचा आणि पाण्यात उकळायचा. वर तवंग येतो. तो काढून निवू दिला की पांढरट-पिवळा, मेणासारखा गोळा होतो. आजी गरम असतानाच तो मुठीत दाबून वळायची. बोटांचे ठसे त्यावर तसेच राहत. कुणी त्याला मुठेल म्हणतं, आमच्याकडे भिरंडेल. थंडीत टाचांना भेगा पडल्या की तो गोळा दिव्यावर जरा धरायचा आणि भेगेत भरायचा. फार तर ओठांना. ऐन मे महिन्यातही डब्यातला गोळा वितळलेला मी पाहिला नाही, आणि कारण आता कळतं. कोको बटर ३४ अंशांच्या आसपास वितळतं, कोकमचं तेल ४० च्या जवळपास. घडण मात्र कोको बटरच्या जवळची. म्हणूनच चॉकलेट उष्ण हवेत मऊ पडू नये म्हणून ते थोडं मिसळलं तर उपयोगी पडतं. इकडच्या रसायनतज्ज्ञांनी हे मोजून पाहिलं होतं, म्हणून ते यादीत आलं.

पण यादीत असणं आणि व्यापारात असणं यांत फार मोठं अंतर आहे. ते अंतर समजायला आधी पश्चिम आफ्रिकेकडे बघावं लागतं.

अँटवर्पच्या बंदरातल्या गोदामांमध्ये तागाच्या पोत्यांतून आणि मोकळ्या ढिगांतून कोकोच्या बिया पडून असतात. बऱ्याचशा आयव्हरी कोस्ट आणि घानाच्या. जगातला सुमारे ४० टक्के कोको एकट्या आयव्हरी कोस्टमध्ये पिकतो. तिथे शेतकऱ्याला किलोमागे किती द्यायचे हे सरकार हंगामाच्या सुरुवातीला ठरवतं, आणि पीक बरंचसं वर्षभर आधीच विकलेलं असतं. डिसेंबर २०२४ मध्ये न्यूयॉर्कच्या वायदेबाजारात कोको टनाला १२,००० डॉलरच्या वर गेला. किलोला १२ डॉलर. त्या हंगामात आयव्हरी कोस्टच्या शेतकऱ्याला ठरलेला भाव होता १,८०० सीएफए फ्रँक (तिथलं चलन) किलोला, म्हणजे ३ डॉलरच्या आत. भाव चढला तोही पीक बुडालं म्हणून. झाडांना फांद्या सुजवणारा विषाणू लागला, शेंगा काळ्या पडल्या, पावसाने वेळ पाळली नाही, आणि जुन्या बागा नव्याने लावायला शेतकऱ्याकडे वर्षानुवर्षं पैसे नव्हते. पुढच्या हंगामात सरकारने भाव २,८०० केला, तोवर २०२५ संपता संपता बाजार निम्म्यावर उतरला होता.

इथे गेंटमध्ये पेट्या महाग झाल्या, वड्या थोड्या लहान झाल्या. दुकानातल्या रांगेत लोक कुरकुरले. मला ती कुरकुर ऐकवत नव्हती.

आणि अँटवर्पमध्ये दुकानादुकानांत चॉकलेटचे हात मिळतात.  गोष्ट जुनी आहे: शेल्ड नदीवर कर मागणारा एक राक्षस होता, कर न देणाऱ्याचा हात तो तोडायचा, शेवटी ब्राबो नावाच्या शिपायाने त्याचाच हात तोडून नदीत फेकला. शहराच्या मुख्य चौकात ब्राबोचा पुतळा आहे. या गोष्टीचा आफ्रिकेशी संबंध नाही, हे मला माहीत आहे. पण दुसऱ्या लिओपोल्ड राजाच्या काँगोत, १८८५ ते १९०८ या काळात, रबराच्या वसुलीसाठी माणसांचे हात खरोखर तोडले गेले. त्याची छायाचित्रं आहेत. ती एकदा पाहिल्यावर मला ते चॉकलेट विकत घेता आलेलं नाही. इथे जन्मलेल्या माझ्या मैत्रिणीला त्यात फक्त बालपण दिसतं. तिला मी काही म्हणत नाही, पण पाहुण्यांना त्या दुकानात नेत नाही.

बेल्जियम या इतिहासाकडे बघायला उशिराच लागला. डिसेंबर २०१८ मध्ये ब्रसेल्सजवळच्या टर्व्ह्युरेनचं आफ्रिका संग्रहालय नव्या मांडणीने उघडलं. त्याच महिन्यात सरकार, कंपन्या, दुकानं आणि संस्था यांनी ‘बियाँड चॉकलेट’ नावाचा करार केला. २०३० पर्यंत बेल्जियमच्या चॉकलेटसाठी कोको पिकवणाऱ्या कुटुंबांना जगण्यापुरतं उत्पन्न मिळालं पाहिजे, असं त्यात लिहिलंय. जगण्यापुरतं! शतकाहून अधिक काळ चाललेल्या व्यापाराने हे ध्येय आत्ता लिहावं, याचं मला वाईट वाटतं. तरी लिहिलं, हे बरं केलं.

हे सगळं बोलताना मला आमचे काजूचे कारखाने डोळ्यांपुढून हलवता येत नाहीत. वेंगुर्ला, सावंतवाडी, घाट चढून गेलं की चंदगड आणि आजरा. आत शिरलं की भाजक्या टरफलाचा उग्र वास, लांब टेबलांवर ओळीने बसलेल्या बायका, एकेक गर सोलून अख्खा, पाकळी, तुकडा असा वेगळा करणारे त्यांचे हात. पण स्थानिक बी वर्षभर पुरत नाही. पोती बाहेरून येतात, आणि त्यांतली बरीच आयव्हरी कोस्टची असतात. काजूच्या कच्च्या बियांत तो देश आज जगात पहिला आहे, आणि बहुतेक बी न फोडताच व्हिएतनामला आणि आपल्याकडे पाठवतो. एकाच देशातून कोको अँटवर्पला उतरतो आणि काजू आमच्याकडे. तिथल्या शेतकऱ्याच्या दृष्टीने आम्ही आणि बेल्जियम एकाच बाजूला उभे आहोत. भाजणं, सोलणं, निवडणं, डबाबंद करणं हे आमचं, आणि डब्यावरचं नावही आमचंच.

हे मधलं काम कमी दर्जाचं नाही. वीझेच्या यंत्रांमध्ये चॉकलेट २० मायक्रॉनच्या (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग) आसपास दळलं जातं, जिभेला कण लागू नये म्हणून. ओठाला पातं लावून तापमान ओळखणारा तो कारागीर किंवा गर न मोडता काजू सोलणारी बाई, यांनी नाव कमावलंय ते खरंच कमावलंय. पण आयव्हरी कोस्टलाही हे ठाऊक आहे. आबिजान आणि सान पेद्रोमध्ये कोको दळणाऱ्या गिरण्या वाढत गेल्या आणि दळणात तो देश आता नेदरलँड्सच्या तोडीला आला आहे. काजू फोडायचे कारखानेही ते उभारताहेत. मला याचा आनंद आहे. उद्या चंदगडला बी महाग पडली तरी हेच म्हणेन.

आणि आता कोकम. निर्देशात त्या सहा नावांबरोबर अटही आहे: चरबी शुद्धीकरण करून किंवा घटक वेगळे करूनच घेतलेली हवी. मुठीत वळलेला गोळा कितीही चांगला असला तरी त्याला गंध असतो, रंग असतो, आंबटपणा असतो. चॉकलेटवाल्याला तो नको. त्याला हवं असतं दर खेपेला त्याच तापमानाला वितळणारं, निर्गंध, मोजून तपासलेलं तेल, आणि तेही टनांनी, ठरल्या तारखेला. साल वृक्षाच्या बियांचं हे काम छत्तीसगड-ओडिशाकडे होतं. कोकमच्या बिया मात्र आमच्याकडे बऱ्याच ठिकाणी आगळ आणि आमसुलं झाली की उकिरड्यावर जातात.

शिवाय आता बाजार ब्रसेल्सलाच शोधायला नको. बारी काल्बोने काही वर्षांपूर्वी बारामतीत कारखाना काढला, इटलीची चॉकलेट कंपनी फेरेरो त्याच्या आधीपासून तिथे आहे. चॉकलेट उन्हात मऊ पडण्याची खरी अडचण बेल्जियमला नाही, आपल्याला आहे. आणि तिच्यावरचा एक उपाय सावंतवाडीच्या परसात आहे. अडतंय ते जूनपाशी. रातांबे मेच्या अखेरीस पिकतात, आणि बिया वाळायच्या आत पाऊस येतो. ओल्या बियांना बुरशी धरते, तेल खवट होतं. पावसाआधी बिया सुकवणारी साधी भट्टी गावोगाव हवी, बिया उचलणारी एखादी सोसायटी हवी, आणि कुडाळच्या एमआयडीसीत एक तेल शुद्ध करणारा छोटा कारखाना. वीझेनेही बिअरच्या पिंपांपासूनच सुरुवात केली होती. पुढच्या मे महिन्यात गावी गेले की ओळखीच्या दोन आमसूलवाल्यांशी मी याबद्दल बोलणार आहे, आणि इथून त्या परिशिष्टाची प्रतही बरोबर नेणार आहे.